भूलवाल्या डॉक्टरांचं इंग्रजी

प्रिय ठकू,

तू पाठवलेली शाल पोचली. रंग तुझ्या आत्याला फार आवडला, म्हणजे ती आता तिचीच झाली असं समज. आत्या आठवडाभर राहायला आलीये. स्वयंपाकघराचा ताबा तिच्याकडे, मला आत पाऊल टाकायला बंदी, त्यामुळे खिडकीजवळच्या टेबलाशी बसून लिहायला चांगली सवड मिळाली. आपण रोज फोनवर बोलतो हे खरं, पण त्यात तू माझं बीपी विचारतेस, गोळ्या घेतल्या का विचारतेस, दाराला कडी लावली का विचारतेस, आणि तेवढ्यात तुझी मीटिंग सुरू होते. माझ्या वर्गाबद्दल मी तुला कधी धड सांगितलंच नाही. तू आपली मैत्रिणींना सांगतेस, 'आई डॉक्टरांना इंग्रजी शिकवते,' आणि त्या म्हणतात, 'डॉक्टरांना इंग्रजी येत नाही होय?' तर आज ऐक.

मी निवृत्त झाले त्याच वर्षी मेडिकल कॉलेजच्या डीनबाईंनी बोलावून घेतलं. 'आमच्या पोरांना इंग्रजी शिकवाल का?' मी म्हटलं, 'अहो, तुमची पोरं उशीएवढी जाड इंग्रजी पुस्तकं वाचतात, त्यांना मी काय शिकवणार?' त्या म्हणाल्या, 'वाचतात हो. पण पेशंटशी बोलायला गेली की तोंडातून पुस्तकच बाहेर पडतं.' त्यांच्या इस्पितळात तेव्हा परदेशी रोगी यायला लागले होते. बंदरातल्या जहाजांवरचे खलाशी, कारखान्यांत आलेले इंजिनियर, त्यांची बायकामुलं. वर्ग भरवायला मिळाली शरीररचना विभागाच्या मागची खोली. कोपऱ्यात एक सांगाडा उभा, त्याला खालचा जबडाच नाही. पहिल्याच दिवशी एक मुलगी म्हणाली, 'मॅडम, बोलायचा सराव ह्याच्यापासून सुरू करा.' मला तो वर्ग तिथेच आवडला.

पण पहिला महिना माझी फजिती झाली. मी आयुष्यभर कॉलेजात शिकवलं तसं फळ्यावर काळ लिहिले, प्रयोग लिहिले. पोरं निमूट उतरवून घेत. मग एक दिवस मीच रोगी होऊन खुर्चीत बसले आणि म्हणाले, 'डॉक्टर, आय केम ओव्हर ऑल फनी.' म्हणजे मला एकदम कसंतरीच झालं. आमच्या वर्गात एक विद्यार्थी आहे, इतके अवघड शब्द वापरतो की सगळे त्याला 'डिक्शनरी' म्हणतात. तो गंभीर चेहऱ्याने म्हणाला, 'फनी? प्लीज टेल मी द जोक.' तेव्हा कळलं की ह्यांना दम्याचं ग्रीक नाव येतं, पण 'धाप लागते' साध्या इंग्रजीत येत नाही. काळीज धडधडतं, अन्नावरची वासना गेली, पायात गोळे येतात, हे काहीच नाही. दुसऱ्या दिवसापासून मी फळा बाजूला ठेवला आणि रोज नवी रोगीण होऊ लागले. ठकू, तुझी आई त्या खोलीत किती प्रकारे आजारी पडली आणि किती वेळा मेली, ह्याचा हिशेब नाही. वॉर्डातल्या थोरल्या सिस्टरही वर्गाला येतात. एकदा मी नुकतंच वडील गेलेली मुलगी झाले होते आणि त्यांनी मला बातमी द्यायची होती. त्या माझा हात धरून इतक्या मायेने म्हणाल्या, 'युवर फादर हॅज एक्सपायर्ड,' की मला हसावं की रडावं कळेना. मी म्हटलं, 'सिस्टर, एक्सपायर औषधाची बाटली होते, रेल्वेचा पास होतो. बाप होत नाही.' सगळा वर्ग हसला, सिस्टर सगळ्यांत जास्त.

त्या दिवशी घरी येताना मात्र तुझे बाबा फार आठवले. तू शाळेत होतीस. अतिदक्षता विभागाच्या दाराशी आपण दोघी उभ्या होतो आणि आतून बाहेर येणारा एक तरुण डॉक्टर दुसऱ्याला म्हणाला, 'पेशंट इज सिंकिंग.' आपल्या देखत म्हणाला, आपण भिंतीचाच भाग असल्यासारखं. तू मला विचारलंस, 'सिंकिंग म्हणजे काय गं?' मी म्हटलं, 'बाबा दमलेत, त्यांना झोपू दे.' त्या मुलावर माझा राग नाही. किती कोवळा होता तो! त्याला कुणी शिकवलंच नव्हतं की असं वाक्य कुठे बोलायचं, कसं बोलायचं आणि कुणाकडे बघून बोलायचं. डीनबाईंना मी शेवटी 'हो' म्हटलं त्याचं खरं कारण हे आहे. तुला कधी बोलले नव्हते.

आता भूलवाल्या डॉक्टरांबद्दल सांगते. तुझ्या कानावर त्यांचा उल्लेख अधूनमधून आला असेल. हे इथले सगळ्यांत जुने भूलतज्ज्ञ. ऑपरेशनच्या आधी माणसाला झोपवायचं, मधे त्याचा श्वास सांभाळायचा आणि नंतर उठवायचं, हे त्यांचं काम. वर्ग सुरू होऊन काही महिने झाले होते. एका दुपारी दार हळूच उघडलं आणि एक उंच, किंचित पोक काढून चालणारे गृहस्थ पायांतल्या रबरी चपला न वाजवता आत आले आणि शेवटच्या बाकावर बसले. सगळी पोरं ताडकन उभी! त्यांचे प्राध्यापक होते ना ते. हे म्हणाले, 'बसा रे. इथे मीही तुमच्यासारखाच. गृहपाठ केला नाही तर मॅडम मलाही बाहेर काढतील.' मला वाटलं, डीनबाईंनी माझ्यावर नजर ठेवायला पाठवलं असेल. म्हणून वर्ग सुटल्यावर सरळच विचारलं, 'डॉक्टर, तुम्ही तर परदेशी मासिकांत लेख लिहिता. तुम्हाला ह्या वर्गात काय मिळणार?' त्यांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. मग म्हणाले, 'परवा टेबलावर एक परदेशी बाई होती. भूल द्यायच्या आधी तिने माझं मनगट धरलं आणि काहीतरी विचारलं. मला प्रत्येक शब्द कळला. तिला म्हणायचं होतं, मी परत उठेन ना? आणि मी काय म्हटलं? नो प्रॉब्लेम, नो प्रॉब्लेम. हमालाने ट्रंक उचलताना म्हणावं तसं. ती डोळ्यांत भीती घेऊनच झोपली. सगळं सुखरूप झालं, ती घरीही गेली. पण माझ्याकडे औषध होतं, वाक्य नव्हतं.'

ठकू, मी इतकी वर्षं शिकवलं, पण शिकायला येण्याचं इतकं सरळ कारण मला कुणी सांगितलं नव्हतं. लोक नोकरीसाठी येतात, परदेशी जायला येतात, परीक्षेला येतात. हा माणूस एका वाक्यासाठी आला होता. केस पांढरे झालेले, हाताखाली डॉक्टरांची अख्खी फौज, आणि स्वतःच्याच विद्यार्थ्यांसमोर 'शी डोन्ट' म्हणून हशा पिकवायचा, परत उभं राहायचं, परत म्हणायचं. डिक्शनरी त्यांना दुरुस्त करायचा आणि हे त्याला मनापासून 'थँक यू, सर' म्हणायचे. पोरगा लाजून लाल व्हायचा. भूल ह्या शब्दावरून तर वर्गात काय काय विनोद व्हायचे! ते उशिरा आले की कुणीतरी म्हणायचं, 'सरांना रस्त्याची भूल पडली,' आणि हे शांतपणे, 'नाही रे, भूल मी देतो. घेत नाही.'

त्यांना एक गोष्ट मात्र पहिल्यापासून येत होती. मी पोरांना सांगून थकले होते की प्रश्न विचारला की गप्प बसा, माणसाला वेळ द्या. पोरांना तेवढंच जमत नसे, दोन श्वासांत पुढचा प्रश्न येई. हे मात्र विचारून थांबत आणि थांबूनच राहत. मला म्हणाले, 'माझा धंदाच वाट बघायचा आहे.' आणि बघायची सवय तरी किती! एकदा मी जिना चढून वर्गात आले तर हे दारात उभे. म्हणाले, 'गेल्या महिन्यात तुम्ही वर आल्यावर लगेच बोलायला लागत होतात. आता थांबता. रक्त तपासून घ्या.' तुला आठवतं, माझं रक्त कमी निघालं आणि मी फोनवर म्हटलं होतं, 'कॉलेजातल्या एका डॉक्टरांनी सांगितलं म्हणून कळलं'? ते हेच. गोळ्या घेतल्या का म्हणून तू एकदा विचारतेस, ते दोनदा विचारतात. तुम्ही दोघांनी मिळून मला पुरतं जेरीला आणलंय.

पुढे कधीतरी वर्गानंतर चहा पिताना मी त्यांना तुझ्या बाबांचं सांगितलं, त्या 'सिंकिंग'चं. एरवी हे ऐकून लोक म्हणतात, 'अरेरे,' किंवा 'हल्लीचे डॉक्टर असेच.' त्यांनी विचारलं, 'तुम्ही तेव्हा कुठे उभ्या होतात?' मी म्हटलं, दाराजवळ. 'मुलगी कुठल्या बाजूला होती?' मी म्हटलं, डावीकडे, माझा पदर धरून. मग त्यांनी तुझ्या बाबांबद्दल विचारलं. आजाराचं नाही, त्यांच्याबद्दल. ते काय वाचायचे, कशावर चिडायचे, गाणं म्हणायचे का. मी किती वर्षांनी इतकं बोलले असेन! बाबा बेसूर गायचे आणि तू कानांत बोटं घालायचीस, ते सांगताना मी खूप हसले. डॉक्टरांची पत्नी फार लवकर गेली, मूलबाळ नाही. ती कशी होती ते मग त्यांनीही सांगितलं. घाई न करता, एकेक आठवण नीट ठेवत.

आता गेल्या महिन्यातली गोष्ट. एका जहाजावरचा म्हातारा इंजिनियर आमच्याकडे आला. हृदयाची झडप निकामी झालेली, बोट त्याला इथे उतरवून पुढे गेलेली, जवळचं म्हणावं असं हजार कोसांत कुणी नाही. त्याचे उच्चार इतके जड की सिस्टरना काही कळेना. म्हणून ऑपरेशनच्या दिवशी मला बोलावलं. मला हिरवा झगा, टोपी, मास्क असं सगळं चढवलं. तू पाहिलं असतंस तर फोटो काढून गावभर केला असतास. थिएटरच्या बाहेरच्या खोलीत तो स्ट्रेचरवर होता. आणि ऐन वेळी तो उठून बसला. म्हणाला, मला ऑपरेशन नको, मला माझ्या बोटीवर जायचंय. पाय खाली सोडून उतरायलाच लागला. सर्जन घड्याळाकडे बघत मला म्हणाले, 'बाई, सांगा त्याला, आज नाही केलं तर हा आठवडा काढणार नाही.' मी बोलायला तोंड उघडलं. आमचे भूलवाले डॉक्टर तिथेच होते, त्यांनी हलकेच हात वर करून मला थांबवलं.

त्यांनी एक स्टूल ओढलं आणि त्याच्यासमोर बसले, त्याला मान वर करावी लागू नये इतकं खाली. विचारलं, 'व्हॉट आर यू थिंकिंग?' आणि थांबले. सर्जनची चुळबुळ, मशीनची टिकटिक, आणि हे आपले थांबलेत. शेवटी म्हातारा बोलू लागला. म्हणाला, मी जन्मभर इंजिनाच्या आवाजात झोपलोय. इंजिन थांबलं की मला जाग येते. इथे जाग आली आणि कानावर एकही ओळखीचा शब्द पडला नाही, तर मला वाटेल मी मेलो. मरणाचं काही नाही. पण मेलो की नाही हेच कळणार नाही, त्याची भीती वाटते.

डॉक्टरांनी मान हलवली. शब्द जुळवत होते, मला दिसत होतं. मग म्हणाले, 'आय स्टे. होल टाइम, आय स्टे. व्हेन यू वेक, फर्स्ट व्हॉइस इज मी. माय इंग्लिश इज व्हेरी बॅड. सो यू विल नो.' मी थांबतो, पूर्ण वेळ थांबतो, उठशील तेव्हा पहिला आवाज माझा असेल. माझं इंग्रजी फार वाईट आहे, त्यामुळे तू बरोबर ओळखशील.

ठकू, माझा फळा भरला असता इतक्या चुका होत्या त्यात. मी मास्कच्या आड ओठ घट्ट मिटून उभी होते, एक अक्षर दुरुस्त केलं नाही. आयुष्यात मी इतकं चांगलं इंग्रजी ऐकलेलं नाही. म्हातारा खो खो हसला आणि आपणहून आडवा झाला. मी त्याला म्हटलं, ह्यांना इंग्रजी मीच शिकवते. आत जाताना तो मला म्हणाला, 'यू आर हिज टीचर? पुअर लेडी.'

पुढचं थोरल्या सिस्टरनी वर्गात सांगितलं, डोळे पुसत आणि हसत. ऑपरेशन लांबलं, पण नीट झालं. नंतर डॉक्टर घरी गेले नाहीत, जेवलेही नाहीत, त्या खाटेशी उभे राहिले. नळी काढली, पापण्या हलल्या, तसे हे वाकले आणि म्हणाले, 'गुड मॉर्निंग. इट इज मी.' बाहेर तेव्हा संध्याकाळ झाली होती! म्हाताऱ्याने डोळे उघडले नाहीत. घोगऱ्या आवाजात नुसतं म्हणाला, 'बॅड इंग्लिश,' आणि त्यांचा हात दाबला. वर्गात टाळ्या पडल्या. डिक्शनरीने हात वर करून विचारलं, 'मॅडम, मग व्याकरण शिकायची गरजच काय?' मी बोलायच्या आधीच डॉक्टर शेवटच्या बाकावरून म्हणाले, 'बाळा, हे वाक्य मी वर्षभर शिकलो, तेव्हा कुठे चुकीचं बोलता आलं. आधी तेवढंही येत नव्हतं.' मी वर्ग तिथेच सोडला. त्याच्यापुढे शिकवण्यासारखं माझ्याकडे काही नव्हतं.

त्यानंतर आठवड्याने, इस्पितळाच्या कँटीनमध्ये, स्टीलच्या ताटल्यांचा खणखणाट चालू असताना, त्यांनी मला एक वाक्य तपासायला दिलं. लिहून नाही, बोलून. म्हणाले, आपल्या भाषेत म्हणायला लाज वाटते, म्हणून इंग्रजीत म्हणतो. आणि भूल देणाऱ्याचे ते स्थिर हात कपाभोवती धरून म्हणाले, 'विल यू मॅरी विद मी?' पस्तीसएक वर्षांची सवय गं, तोंडातून निघून गेलं, 'त्यातलं विद काढा.' ते म्हणाले, 'काढलं. आता बाकीचं वाक्य चालेल का?' मी चहा अर्धा टाकून घरी आले. चार दिवस मी वर्गात त्यांच्याकडे बघितलं नाही आणि त्यांनीही विचारलं नाही. थांबले. तुझी आत्या आली ती पहिल्याच दिवशी म्हणाली, 'वहिनी, तू आरशासमोर फार रेंगाळायला लागलीस.' मी म्हटलं, नवीन चष्मा आहे. ती तुझ्या बाबांचीच बहीण, तिला काय फसवणार? पण तिने पुढे विचारलं नाही, आणि मीही सांगितलं नाही. आधी तुला सांगायचं होतं.

तर ठकू, चालेल असं मी त्यांना काल सांगितलं. हे पत्र मी परवानगी मागायला लिहीत नाहीये, तशी मागितली तर तूच रागावशील. पण ही गोष्ट तुला फोनवर, दोन मीटिंगच्या मधे कळू नये, आणि दुसऱ्या कुणाकडून तर मुळीच कळू नये. तुला रडू आलं तर ये. राग आला तरी ये, रागावूनच ये. तुझ्या बाबांच्या जागेवर कुणी बसत नाहीये. ती जागा आहे तशीच आहे, आणि हे डॉक्टरांनीच मला आधी सांगितलं. पुढच्या महिन्यात नोंदणी कचेरीत जायचंय. तीन साक्षीदार लागतात, त्यातल्या दोघींसाठी थोरल्या सिस्टरना आणि डीनबाईंना विचारणार आहोत. तिसऱ्या नावाची जागा मी मोकळी ठेवायला सांगितलीये. काल वर्गातून निघताना डॉक्टर दारात घुटमळले आणि म्हणाले, 'तुमची मुलगी मला काय म्हणेल?' मी म्हटलं, ते तिचं ती ठरवेल. थोडा विचार करून म्हणाले, 'काहीच म्हटलं नाही तरी चालेल. नुसती येऊन बसली तरी चालेल. मी थांबेन.'

तुझीच,
आई